मेघ, पियानो आणि साठ्यांचा तबला

ही तबकडी मी कितीतरी वर्षं चुकीच्या बाजूने ऐकत आलो. मुखपृष्ठावर जो हॅरियटचं नाव ठळक, म्हणून माझा कान हॅरियटच्या सॅक्सोफोनमागे. तो वाजायचा थांबला की मी चहा घ्यायचो, तो परत आला की सावरून बसायचो. मधलं सगळं म्हणजे दोन स्टेशनांमधला रूळ.

चूक उघडी पडली ती एका जुलैत. नाशकात तीन-चार दिवस झड लागली होती, गंगापूर धरणातून विसर्ग सुरू होता आणि जो तो एकच विचारत होता, मारुतीला पाणी कुठवर? रामकुंडाजवळचा दुतोंड्या मारुती हे आमचं पूरमापक. धरणातून किती क्युसेक सोडले हे वर्तमानपत्रात छापून येतं, पण नाशिककराला तो आकडा मारुतीच्या अंगावर मोजल्याशिवाय कळत नाही. त्या दिवशी पाणी कमरेला होतं. संध्याकाळी वीज गेली, घरातला स्पीकर मुका झाला. पावसात मेघ ऐकायचा हट्ट होता म्हणून मोबाइल पितळी तांब्यात उभा केला आणि ‘इंडो-जॅझ स्वीट’मधला तिसरा तुकडा लावला, ‘राग मेघ’.

मोबाइलच्या चिमुकल्या स्पीकरला खर्ज पेलत नाही. बास गेला, पियानोचा डावा हात गेला, डग्ग्याचा घुमारा गेला. राहिलं ते वरचं. ड्रमरच्या झांजेची किणकिण, बासरीची फुंकर आणि तबल्याच्या चाटेवरचा ‘ना’. रोज घरातल्या गर्दीत मागे उभा राहणारा माणूस, बाकीचे बाहेर गेल्यावर एकदम दिसावा तसा तो तबला दिसला. मी बरीच वर्षं ज्याला रूळ समजत होतो, तो माणूस होता. केशव साठे.

मुंबईत १९२८ साली जन्मलेले आणि १९५६ साली लंडनला गेलेले तबलावादक. २०१२ साली वारले. महाराष्ट्रात त्यांचं नाव ओळखणारे थोडे. इंग्लंड-जर्मनीतल्या जुन्या तबकड्या जमवणाऱ्यांना मात्र ते चांगलं ठाऊक आहे. त्या तबकड्यांमधली पहिली महत्त्वाची ही. ध्वनिमुद्रण १९६५ साली लंडनमध्ये, प्रकाशन १९६६ साली; इंग्लंडात ईएमआयच्या कोलंबिया छापाखाली, अमेरिकेत अटलांटिकतर्फे. (‘स्वीट’ म्हणजे एकामागून एक ओवलेल्या रचना. मेन रोडवरच्या मिठाईच्या दुकानांचा इथे संबंध नाही.)

ती निघाली कशी, याची कथा सांगण्यासारखी आहे. जॉन मेयर हा कलकत्त्यात जन्मलेला अँग्लो-इंडियन व्हायोलिनवादक. काही काळ मुंबईत मेहली मेहतांकडे, म्हणजे झुबिन मेहतांच्या वडिलांकडे शिकला, १९५२ साली शिष्यवृत्तीवर लंडनच्या रॉयल अकॅडमीत गेला आणि पुढे तिथल्या मोठमोठ्या वाद्यवृंदांत व्हायोलिन वाजवून पोट भरू लागला. डोक्यात मात्र रचनाकार व्हायचं, तेही रागांवर आणि तालांवर उभं राहून. डेनिस प्रेस्टन नावाचा एक निर्माता होता, कंपन्यांच्या नोकरीत न अडकता हॉलंड पार्कमधल्या लॅन्सडाऊन स्टुडिओत स्वतः ध्वनिमुद्रणं करून ती कंपन्यांना देणारा. १९६४च्या सुमारास त्याला एका तबकडीत थोडी जागा भरायला छोटीशी रचना हवी होती. तुझ्याकडे आहे का काही, असं त्याने मेयरला विचारलं. आहे ना, म्हणून मेयरने ठोकून दिलं. नव्हतं काहीच. घरी जाऊन रात्र जागून त्याने ती लिहून काढली. हा तुकडा पुढे अटलांटिकच्या अहमत एर्तेगुनच्या कानावर गेला आणि त्याने सुचवलं की या माणसाच्या भारतीय संगीताला जॅझची जोड देऊन अख्खी तबकडी काढा. एका थापेतून इतकं चांगलं काही निघाल्याची उदाहरणं संगीतात फार नसावीत.

जॅझच्या बाजूला जो हॅरियट. जमैकातल्या किंग्स्टनचा, ख्रिस्ती जोगिणींनी चालवलेल्या अल्फा नावाच्या शाळेत वाढलेला, १९५१ साली इंग्लंडात आलेला अल्टो सॅक्सोफोनवादक. त्याचा स्वर कैरीच्या फोडीसारखा, आधी दात आंबवतो आणि मग पुन्हा मागावासा वाटतो. १९६०च्या ‘फ्री फॉर्म’मध्ये आणि नंतरच्या ‘अ‍ॅब्स्ट्रॅक्ट’मध्ये त्याने जॅझचा ठरलेला सांगाडाच मोडून टाकला होता. सुरावटीखालच्या कॉर्डांची ठराविक मालिका नको, ठरलेली लय नको, जे सुचेल ते, सुचेल तेव्हा. असा माणूस चार-पाच वर्षांनी मेयरच्या लिहिलेल्या कागदासमोर उभा राहतो आणि त्याला सांगितलं जातं, या तुकड्यात एवढेच पाच स्वर. स्वतःचं कुंपण पाडून बसलेला गडी दुसऱ्याच्या तुळशीवृंदावनाला वळसा घालून चालतो, तसा हॅरियट इथे चालतो. ते जपून चालणंही ऐकण्यासारखं आहे.

मांडणी दुहेरी पंचकाची. एका बाजूला सॅक्सोफोन, ट्रंपेट, पॅट स्माइथचा पियानो, रिक लेअर्डचा बास, अ‍ॅलन गॅनलीचे ड्रम. दुसऱ्या बाजूला मेयरचं व्हायोलिन आणि हार्प्सिकॉर्ड, ख्रिस टेलरची बासरी, रविशंकरांचे शिष्य दिवाण मोतिहार यांची सतार, साठ्यांचा तबला आणि तंबोरा. तंबोऱ्यावर जे आहेत त्यांचं आडनाव तबकडीवर ‘पैगांका’ छापलंय. चंद्रहास पैगांका. मराठी-कोकणी डोळ्याला ते तसं वाचवत नाही. काणकोणातल्या पैंगीण गावचा ‘कर’ छपाईत गळून पडला असावा, असा माझा कयास. असेलही, नसेलही. पण एका साठे आडनावामागे तंबोरा धरून बसलेला हा बहुधा पैंगीणकर, हे चित्र मला उगीच आवडतं.

पाच आणि पाच. पंचवटीच्या शहरात राहणाऱ्याला हे वडांचे दोन पुंजके दिसतात, नदीच्या या काठाला एक, त्या काठाला एक. आणि या तबकडीबद्दलचा नेहमीचा आक्षेप नेमका हाच आहे की ते दोन काठ एक होत नाहीत. सतारीचा परिच्छेद येतो, मग जॅझचा येतो, मग पुन्हा सतार. एकजीव मिश्रण कुठे आहे? हा आक्षेप घेणारे बहुतेक सगळे सॅक्सोफोनच्या बाजूने ऐकतात. मीही तेच करत होतो.

त्या काळी हवेतच काहीतरी होतं. बड शँकने रविशंकरांबरोबर १९६२ साली तबकडी केली होती. १९६५ सालीच जॉन कोल्ट्रेनने मुलाचं नाव रविशंकरांवरून रवी ठेवलं आणि त्याच वर्षी बीटल्सच्या एका गाण्यात सतार वाजली. मात्र या सगळ्याच्या आधी दार किलकिलं केलं होतं माइल्स डेव्हिसच्या १९५९च्या ‘काइंड ऑफ ब्लू’ने. जॅझचं एरवीचं गाणं मिनिटामिनिटाला आपला आधारस्वर बदलत जातं, म्हणजे ‘सा’च जागेवर राहत नाही. डेव्हिसने एकाच स्वरसप्तकावर बराच वेळ रेंगाळायची वाट रुळवली. ही वाट नसती तर मेयरचं काम अडलं असतं, कारण तबला एका ‘सा’ला लावलेला असतो, तंबोरा एका ‘सा’ला मिळवलेला असतो आणि सतारीच्या तरफा आधीच रागाच्या स्वरांना ओढून बांधलेल्या असतात. ‘सा’ हलला की या सगळ्यांना हातोडी आणि खुंट्या घेऊन पुन्हा बसावं लागतं.

आणि आपल्याकडे? आपल्याकडे हे मिश्रण मुंबईच्या सिनेमाच्या स्टुडिओंत कधीच सुरू झालं होतं, फक्त त्याला कोणी नाव दिलं नव्हतं. आमच्याच गोदावरीच्या काठी, खाली पुणतांब्याला जन्मलेले सी. रामचंद्र १९५१च्या ‘अलबेला’त चिक चॉकलेट या गोवेकर ट्रंपेटवाल्याला घेऊन काय काय करून गेले, ते अजून लग्नाच्या वरातीत वाजतं. पण तिथे तीन-साडेतीन मिनिटांत काम उरकायचं असे. रागाने पाय पसरायचे आणि जॅझनेही, असा फड तिथे नव्हता.

तर मेघ.

पाच स्वरांचा राग. सा, रे, म, प आणि कोमल नी. गंधार आणि धैवत वर्ज्य. जॅझवाल्याला पाच स्वरांची सप्तकं नवी नाहीत, त्यांच्या ब्लूजचा अर्धा संसार त्यावर चालतो. पण नेमके हेच पाच स्वर मधमाद सारंगालाही आहेत. मेघ होतो तो स्वरांच्या यादीने नव्हे, रिषभाच्या वागण्याने. मेघातला रिषभ मध्यमाचा स्पर्श घेऊन, झुलत, ओझं घेऊन खाली येतो. भरलेला ढग जसा जागच्या जागी हलतो. हे झुलणं सतारीला मींडेने जमतं, बासरीला बोटाची फट अर्धी उघडून जमतं, सॅक्सोफोनला ओठाच्या दाबाने बऱ्यापैकी जमतं. पियानोला काही केल्या जमत नाही. त्याची पट्टी दाबली की स्वर लागला आणि तिथून तो फक्त विरत जाणार.

तरीही पियानो या मेघात खुपत नाही. का खुपत नाही, हे मला बरेच दिवस कळत नव्हतं. मग तंबोरा जुळवणाऱ्या एका जाणत्या मित्राबरोबर बसून हिशेब केला. पियानोच्या सप्तकात बारा स्वर सारख्या अंतरावर बसवलेले असतात; तंबोऱ्याचे स्वर निसर्गाच्या प्रमाणाने येतात. दोन लगतच्या पट्ट्यांमधल्या अंतराचे शंभर भाग केले, तर दोन्हींच्या मध्यमात आणि पंचमात फरक दोन भागांचा, रिषभात चार भागांचा, कोमल निषादातही जवळपास तेवढाच. कानाने सोडून द्यावा असा. खरी भानगड आहे गंधाराची आणि धैवताची. पियानोचा शुद्ध गंधार तंबोऱ्यातून आपोआप उमटणाऱ्या गंधारापेक्षा सुमारे चौदा भागांनी चढा, धैवताचं दुखणंही साधारण तसंच. मेघात हे दोन्ही भांडखोर शेजारी घरातच नाहीत. मेयरने राग निवडताना हे मनात धरलं होतं की पावसाच्या ओढीने निवडला, ते कोण सांगणार. पण परिणाम असा की मेघात पियानो आणि तंबोरा एका छपराखाली सुखाने राहतात.

आता साठे. मी लहानपणी चार वर्षं तबला शिकलो, त्यातली पहिली दोन ठेक्यात गेली. आमचे गुरुजी ठेका सोडून काहीही वाजवू द्यायचे नाहीत. शेजारच्या खोलीत कथक शिकणाऱ्या मुली तोडे मारून घरी जायच्या आणि आम्ही आपले धा धिं धिं धा. तेव्हा ती शिक्षा वाटायची. या तबकडीत साठे जे करतात ते समजायला ती दोन वर्षं उपयोगी पडली.

जॅझच्या ड्रमरची लय असते ती उजव्या हाताच्या मोठ्या झांजेवर. पायाखालचा ढोल अधूनमधून धक्के देतो, पण चाल झांज धरते. नाशिक ढोलाच्या पथकात जो उभा राहिलाय त्याला हे चटकन उमगेल. लांबच्या माणसाला ढोल ऐकू येतात, पण पथक चालतं ते ताशावर. त्यात आणखी एक गंमत. ड्रमरच्या डाव्या पायाखाली मिटणाऱ्या झांजांची जोडी असते, ती दुसऱ्या आणि चौथ्या मात्रेवर ‘चिक्’ करते. आपला कान समेवर टाळी द्यायला बसलेला, त्याला हा जोर उलट्या अंगाने पडल्यासारखा वाटतो. मैफलीत नवखा श्रोता खालीवर टाळी देतो आणि मग शेजाऱ्याकडे बघून ओशाळतो, तशी गत.

मग आवर्तन कोण सांगतं? एरवीच्या जॅझमध्ये कॉर्ड सांगतात. बत्तीस मापांचं गाणं असेल, तर खालची कॉर्ड ऐकून वाजवणाऱ्याला कळतं की आपण दाराशी आहोत, माजघरात आहोत की परसदारी. पण इथे ‘सा’ हलतच नाही, म्हणजे कॉर्डांच्या त्या खुणाच पुसलेल्या. सगळ्या खोल्या सारख्या. अशा घरात ठेका हा एकटाच दिवा. गॅनलीची झांज लय सांगते, पण कुठवर आलो ते सांगत नाही. ते सांगतो साठ्यांचा तबला. जॅझचा परिच्छेद मोकळा सुटतो तेव्हा तबला मागे सरतो किंवा गप्प बसतो आणि सतारीचा काठ जवळ आला की असा उगवतो, जणू मधल्या काळात तो मोजत होता. मोजतच होता. साथीचं अर्धं काम न वाजवता होतं. गप्प असलेला तबलजी आणि थांबलेला तबलजी यांतला फरक ऐकायचा असेल, तर या तबकडीसारखी शाळा नाही.

मेघाची गोडी मला या उगवण्यांत आहे. त्यांत दिखाऊ तिहाई नाही, सवालजवाबाची झटापट नाही. सत्तरीनंतर परदेशातल्या मंचांवर तबला आणि ड्रम यांची जी कुस्ती लोकप्रिय झाली, तिचा इथे मागमूस नाही. साठे चाटेवर एक स्वच्छ ‘ना’ ठेवतात, शेजारची झांज त्याच्या कडेने निघून जाते आणि दोन्ही आवाज एकमेकांना न चेपता उभे राहतात. ते सुटेपण कोणाच्या हातचं, ध्वनिमुद्रकाच्या की वादकांच्या, हे मला ओळखता येत नाही. तबल्याच्या शाईची आस आणि ड्रमरची झांज, दोघींचा मुलूख वरच्या पट्टीतलाच. एकाने जरा हात जड केला असता तर दुसरा बुडाला असता. कोणी बुडत नाही. शेजार असावा तर असा.

‘ओव्हर्चर’ आणि ‘कॉन्ट्रास्ट्स’ हे आधीचे दोन तुकडे मी भराभर ओलांडतो. पहिल्यात मेयर आपली सगळी माणसं अंगणात उभी करून ओळख करून देतो. दुसऱ्यात नावाप्रमाणे विरोध दाखवायचा आहे आणि तो दाखवायचा आहे हे जरा जास्तच कळतं. हार्प्सिकॉर्ड वाजला की माझं मन दरवेळी युरोपातल्या कुठल्यातरी दिवाणखान्यात जातं, तिथून परत आणायला सतारीला कष्ट पडतात. हा माझा दोष असेल.

शेवटी येतो तो गौड सारंग. लांब आहे आणि इथे तबकडीची खरी परीक्षा आहे. नावात सारंग, अंगात सारंगाचा वास नाही. कल्याण थाटातला, दोन्ही मध्यमांचा, दुपारचा राग. चालतो वाकडा. सरळ सा रे ग म असं चढायचं नाही. गंधारावर जाऊन रिषभावर मागे यायचं, मध्यमाला शिवून पुन्हा गंधारावर बसायचं. ग रे म ग. एवढं म्हटलं की गौड सारंग दारात उभा राहतो.

आता जॅझमधल्या बीबॉपवाल्यांची एक जुनी खोड बघा. चार्ली पार्करच्या पिढीला कुठल्याही स्वरावर थेट जाऊन बसणं गावंढळ वाटायचं. ज्या स्वरावर यायचं त्याच्या आधी त्याच्या खालचा स्वर, वरचा स्वर असा दोन्हीकडून वेढा घालायचा आणि मग मधे उतरायचं. ग रे म ग! खालचा रिषभ, वरचा मध्यम, मधे गंधार. हॅरियट पार्करच्या मुशीतूनच निघालेला. म्हणून गौड सारंगाची जी वक्र चाल परक्याला कोडं वाटायला हवी, तिच्यात हॅरियटची बोटं सहज वळतात. मला हे पहिल्यांदा जाणवलं तेव्हा मी खुर्चीतून उठलो होतो. मेघात तो पाहुणा वाटतो, गौड सारंगात चुलतभाऊ. दोन संगीतांत काही नातं असेलच, तर ते ‘स्वर सारखे’ या कोरड्या हिशेबापेक्षा अशा खोडींमध्ये सापडतं.

पण गौड सारंगाचा जीव गंधारात, आणि गंधार म्हटलं की पियानोचं दुखणं वर येतं. तंबोऱ्याच्या जवारीतून स्वयंभू गंधार झिरपतोय आणि त्याच्या डोक्यावर पियानोचा चढा गंधार. चौदा भाग म्हणजे काही फार नाही, पण वादी स्वरावर ते सोसत नाही. माझ्या कानाला तरी नाही. ज्या रागात चाल जमली त्यातच सूर घासतो आणि ज्या मेघात सूर जमतो तिथे चाल जपून. दोन्ही एकदम जमलेला असा तुकडा या तबकडीत नाही, आणि रविवारी दुपारी जेवून मी लावतो तो गौड सारंगच. बासरी किंवा व्हायोलिन गंधार घेतं तेव्हा तो तंबोऱ्याला धरून घेतं की पियानोला, हे ऐकत बसण्यात एक चोरटा आनंद आहे. दर वेळी माझा निकाल बदलतो.

दुसरी तक्रार सतारीच्या वाट्याला आलेल्या वेळेची. मोतिहारांचा हात गोड आहे, पण आलाप रंगायच्या आत कागदावरची पुढची ओळ येते. मेयर हा लिहिणारा माणूस. सांडेल इतकं तो कोणाच्याच पानात वाढत नाही. हॅरियटला त्याने थोडं जास्त वाढलं, एवढंच. आणि साठ्यांना? स्वतंत्र वादन म्हणावं असं जवळजवळ काही नाही. आजच्या तबलजीला विचारलं तर तो म्हणेल, मग मी आलोच कशाला?

मेयर-हॅरियटांच्या पुढच्या दोन तबकड्या १९६७ आणि १९६८ साली निघाल्या. ‘इंडो-जॅझ फ्यूजन्स’ नावातला दुसरा शब्द जगाने उचलला आणि पुढे इतका झिजवला की आता लग्नाच्या जेवणातल्या पनीरलाही तो लावतात. त्यातली ‘आका राग’ ही छोटी रचना बीबीसीच्या एका कौटुंबिक प्रश्नमंजूषेचं शीर्षकसंगीत झाली. आठवड्याच्या आठवड्याला इंग्रज कुटुंबं टीव्हीसमोर बसून सतार-तबला ऐकत होती, हे बरं झालं की वाईट, यावर वाद घालता येईल. हॅरियट १९७३ साली हलाखीत गेला. बासवाला रिक लेअर्ड जॉन मॅक्लॉफ्लिनच्या महाविष्णू ऑर्केस्ट्रात गेला. तिथून ‘शक्ती’ या गटापर्यंत आणि माहीमच्या झाकीर हुसेनपर्यंतची गोष्ट सगळ्यांना पाठ आहे.

साठ्यांचं पुढे काय झालं ते ऐकायचं, तर १९६७ची आणखी एक तबकडी काढावी, ‘जॅझ मीट्स इंडिया’. जर्मनीच्या काळ्या अरण्यातलं फिलिंगेन गाव, तिथला साबा कंपनीचा स्टुडिओ, निर्माता योआखिम-एर्न्स्ट बेरेन्ट. पुन्हा मोतिहार आणि साठे, तंबोऱ्यावर कुसुम ठाकूर; समोर स्वित्झर्लंडची इरेन श्वाइत्सर पियानोवर, उली ट्रेप्टे बासवर, मानी नॉयमायर ड्रमवर, शिवाय मानफ्रेड शोफचा ट्रंपेट आणि बार्नी विलेनचा सॅक्सोफोन. इथे मेयरचा कागद नाही. समोरचे सगळे मुक्त जॅझवाले, पियानोवर मूठ आपटणारे. एका तुकड्याचं नाव आहे ‘ब्रिगाख आणि गंगा’. ब्रिगाख ही फिलिंगेनमधून वाहणारी एवढीशी नदी. थोडं पुढे ती दुसऱ्या एका ओढ्याला मिळते आणि त्यांची डॅन्यूब होते. ब्रह्मगिरीवरचा गोदावरीचा थेंब पाहून आलेल्या माणसाला या नावाचं अप्रूप वाटणारच.

या वादळात साठे काय करतात? तेच. ठेका. समोर आग लागलेली असताना अंगणात शांतपणे सडा घालणारा माणूस पाहावा, तसं वाटतं. पण थोडं लक्ष दिलं की कळतं, सडा घालता घालता ते आगीची दिशा बघताहेत. नॉयमायरचा हात सैल झाला की तबल्याची दुगुन येते, ट्रंपेट किंचाळला की डग्गा खालून दाबून वर आणला जातो. ‘स्वीट’मध्ये कागदाने बांधलेले साठे इथे मोकळे होतात, आणि मोकळे होऊनही ठेका सोडत नाहीत. हॅरियटला जे स्वातंत्र्य सांगाडा मोडून मिळालं होतं, ते यांना सांगाडा सांभाळून मिळालेलं दिसतं. दहा वर्षांनी, १९७७ साली, जॉन रेनबर्नच्या ‘अ मेड इन बेडलॅम’मध्ये हाच तबला इंग्रजी लोकगीतांखाली वाजतो. तिथे तर तो इतका घरचा वाटतो की ती गाणी मुळात डग्ग्यावरच जन्मली असावीत अशी शंका यावी. त्या गंमतजत्रेचं रसग्रहण पुन्हा कधीतरी.

परवा भाची आली होती. तिसऱ्या वर्षाच्या तबल्याच्या परीक्षेची तयारी चाललीय तिची. मी दुपारी गौड सारंग लावला होता. ती ताट सारून टेबलावर बोटांनी ठेका धरायला लागली. सतारीपर्यंत ठीक. मग जॅझचे पाच जण सुटले, झांज दुसऱ्या-चौथ्यावर ‘चिक्’ करायला लागली आणि तिची बोटं अडखळली. तिने हात थांबवला, पण ओठ हलत होते. मात्रा मोजत होती. सॅक्सोफोन गेला, ट्रंपेट गेला, पियानो आला. मला वाटलं, सुटली. पण ओठ हलतच होते. मग तबला परत आला आणि तिची टाळी टेबलावर पडली, साठ्यांच्या एक मात्रा आधी.

“मामा, मागे घे,” ती म्हणाली. “पियानोपासून लाव.”